आप्पांचे तळपाय आणि पामुक्काले

प्रिय विलास,

सा. न. वि. वि. मी इतका औपचारिक झालो म्हणजे अपराधी आहे, हे तुला कळलंच असेल. तुझे तीन निरोप, मीनलच्या साखरपुड्याचे फोटो, लेथ विकल्याची बातमी, या सगळ्यांना माझं उत्तर एकच, "नंतर." इकडे तब्येती ठीक. गुडघा कुरकुरतो, गोळी घेतली की गप्प बसतो.

आता मुद्द्याचं. तू पाठवलेला तुर्कस्तानच्या सहलीचा कार्यक्रम वाचला. "दिवस दुसरा: प्राचीन हिएरापोलिस शहराचे अवशेष, पामुक्कालेचे पांढरे टप्पे, उष्ण पाण्यात स्नान, अडीच तास." आणि खाली तुझ्या हातचं, "आप्पांना टप्प्यांवरून चालवायचंच." ते वाचलं आणि पत्र लिहायला बसलो.

लेका, ते टप्पे म्हणजे उष्ण झऱ्याच्या पाण्यातून बसलेला चुना, त्यांवर चपला-बूट चालत नाहीत. पाऊल ठेवलंस की पहारेकरी शिट्टी मारतो. नियम बरोबरच आहे, कारण नुकताच बसलेला चुना जेलीसारखा मऊ असतो, वाळून दगड व्हायला त्याला वेळ लागतो आणि बुटाने तो फुटतो. पण मधुमेहामुळे आप्पांच्या तळपायांना काही कळत नाही, आणि गेल्या वर्षी टाचेची जखम भरायला किती महिने लागले ते तुला मी सांगायला नको. धडधाकट माणूस खुपलं की "आई गं" म्हणून पाऊल उचलतो. आप्पा उचलणार नाहीत. ते चालतच राहतील आणि वर "बघा, मी दमलो नाही" असंही म्हणतील.

तिथली जमीन तीन तऱ्हांची आहे. कोरड्या जागी बारीक लाटांसारख्या कडा असतात, त्यांवर घसरायला होत नाही पण तळव्यात रुततात. पाण्याचा पातळ थर वाहतो आणि हिरवट झाक दिसते तिथे शेवाळ, म्हणजे हमखास घसरगुंडी. आणि डबक्यांच्या तळाशी पांढरा गाळ, पायाला मऊ, पण त्याखाली काय आहे ते दिसत नाही. मोजे घालून नेऊ का, असं विचारशील. नको. ओला मोजा शेवाळावर साबणासारखा सरकतो आणि आत खडा गेला तर कळायचंही नाही.

म्हणजे आप्पांनी पाण्याला हातच लावायचा नाही का? लावायचा. पण त्यासाठी दरवाजा नीट निवडायला हवा, आणि तुमच्या कार्यक्रमात नेमकं तेवढंच लिहिलेलं नाही.

आत जायला तीन वाटा आहेत. खालची गावाकडून येते, तिथून सगळा चढ अनवाणी चढावा लागतो. ती आप्पांसाठी बाद. उत्तरेकडचा दरवाजा हिएरापोलिसच्या जुन्या स्मशानाच्या टोकाला आहे, तिथून पांढऱ्या टप्प्यांपर्यंत जवळजवळ दोन किलोमीटर चाल. दक्षिणेकडच्या दरवाजातून जुनं तळं, संग्रहालय आणि टप्प्यांची वरची कड, तिन्ही जवळ. सहलवाल्या गाड्या पुष्कळदा उत्तरेला उतरवतात आणि दुसऱ्या दरवाजाशी उचलतात, कारण त्यात गटाला अवशेष ओघात दिसतात. गटाच्या दृष्टीने बरोबर, पण आप्पांचं काय? आत बॅटरीवरच्या गाड्या भाड्याने मिळतात. आप्पा आणि वहिनी त्यात बसून वरच्या कडेला जातील, तू गटाबरोबर चालत ये. हे गाईडला आदल्या रात्रीच सांगून ठेव. दारात सांगितलंस तर तो "हो हो" म्हणेल आणि विसरेल.

वरच्या कडेला पाणी पाटातून वाहत टप्प्यांकडे जातं. पाटाच्या काठावर बसून पाय सोडता येतात. आप्पांना तिथे बसव. बसेपर्यंत पायात पादत्राणं, बसल्यावर काढायची, दहा मिनिटं पाय पाण्यात, मग काढून बोटांच्या बेचक्यांसकट कोरडे करायचे, तळवा उजेडात धरून तू स्वतः पाहायचा आणि लगेच मोजे-बूट. जवळ छोटा टॉवेल आणि एक जादा मोज्यांचा जोड ठेव. पाणी उगमापाशी साधारण 35 ते 36 अंश असतं, म्हणजे अंगाइतकंच. त्याने भाजायची भीती नाही.

भाजायची भीती आहे ती मुक्कामाच्या गावी. तुमचा रात्रीचा मुक्काम काराहायितला लिहिलाय. तिथलं पाणी लोखंडामुळे तांबडं आणि बरंच जास्त गरम, उगमाशी 50 अंशांच्या पुढे. हॉटेलातल्या कुंडात निवलेलं असतं, पण किती निवलंय ते आप्पांचे पाय सांगणार नाहीत. तिथे आधी तू कोपर बुडव. कोपराला चटका बसला तर आप्पांनी काठावरूनच पाहायचं. चिडतील. चिडू देत. माझं नाव सांग, नाहीतरी राजगडापासून त्यांच्या लेखी सगळ्याला मीच जबाबदार आहे. (त्या पाण्याच्या बाटलीबद्दल मी अजूनही म्हणतो, ती तुझ्याच पाठपिशवीत होती.)

आणखी एक, हे डॉक्टरांना विचारूनच घे. आप्पा जेवणाआधी इन्शुलिन टोचतात. टोचल्यावर लगेच गरम पाण्यात बसलं की कातडीखालचं रक्त वाढतं, औषध लवकर भिनतं आणि साखर झपकन उतरते. सहलीत जेवण हमखास लांबतं, म्हणजे दोन्हीकडून पंचाईत. खिशात साखरेच्या गोळ्या ठेव. आणि रक्तदाबाची गोळी घेणाऱ्याने कोमट पाण्यातून एकदम उठू नये, चक्कर येते.

खांबांचं जुनं तळं, ज्याला क्लिओपात्राचं तळं म्हणतात, त्याचं वेगळं तिकीट. क्लिओपात्रा तिथे न्हायली याला पुरावा काही नाही, पण गाईड सांगेलच. भूकंपात कोसळलेले संगमरवरी खांब तळाशी तसेच पडलेत आणि अंगाभोवती सोड्यासारखे बुडबुडे येतात. तू आणि वहिनी जरूर उतरा, रबरी बूट घालून, कारण खांबांच्या कडांवर बोटं आपटतात आणि खोली सारखी नाही. आप्पा नको.

फोटोंमुळे तुझी निराशा होणार, ती आत्ताच होऊन जाऊ दे. सगळे टप्पे निळ्या पाण्याने भरलेले नसतात. बरेच कोरडे असतात. वर पूर्वी हॉटेलं होती, ती हेच पाणी वापरून खाली सोडत. 1988 मध्ये युनेस्कोच्या यादीत नाव आलं आणि पुढच्या दशकात ती पाडली. आता पाणी पाळीपाळीने सोडतात, आज या टप्प्यावर, उद्या त्या. सतत ओलं राहिलं तर शेवाळ येऊन काळं पडतं, म्हणून वाळवावं लागतं. आणि चालायच्या वाटेवरची डबकी माणसांनी बांधलेली आहेत, तिथे पूर्वी डोंगर उतरणारा गाडीरस्ता होता. नैसर्गिक टप्पे बाजूला, तिथे जाऊ देत नाहीत. तेव्हा पोचल्यावर मला "फसवलंस" असा निरोप पाठवू नकोस.

आता आप्पांना खरा आनंद कशात होईल ते सांगतो. त्यांनी नववीला फळ्यावर काढलेलं ते समीकरण आठवतं? कॅल्शियम बायकार्बोनेट, त्यातून चुनखडी, पाणी आणि कार्बन डायऑक्साइड. आपण दोघांनी उत्तरपत्रिकेत बाण उलटा काढला होता. तो बाण तिथे डोंगरभर पसरलाय. जमिनीत दाबाखाली वायू पाण्यात मुरलेला असतो, त्यामुळे पाणी चुनखडी विरघळवत वर येतं. उघड्यावर आलं की वायू उडून जातो आणि चुना धरून ठेवायची पाण्याची ताकद संपते. बंबात बसतो तोच क्षार, फक्त 160 मीटर उंचीचा. व्हिट्रुव्हियस नावाच्या रोमन स्थापत्यकाराने लिहून ठेवलंय की इथले लोक हे पाणी पाटाने शेताच्या कडेने फिरवत आणि वर्षभराने बसलेला दगड कापून त्याची कुंपणं करत. प्राचीन ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबो म्हणतो की लोकर रंगवायलाही हे पाणी फार चांगलं.

आणि उडून गेलेल्या त्या वायूचं देऊळ बांधलंय! प्लुटोनियन, पाताळाच्या देवाचं दार. फटीतून निघणारा कार्बन डायऑक्साइड हवेपेक्षा जड, म्हणून तळाशी साचतो. बैल आत नेले की मरत आणि पुजारी जिवंत परत येत. स्ट्रॅबोने चिमण्या सोडून पाहिल्या, त्या पडल्या. बैलाचं तोंड खाली, माणसाचं वर, आणि पुजारी श्वासही धरत. रात्री वारा पडला की वायूचा थर जाड होतो, पहाटे सर्वांत दाट, उन्हाने विरतो. उत्खनन करणाऱ्या इटालियन पथकाच्या फ्रांचेस्को दांद्रिया यांनी 2013 मध्ये ही जागा सापडल्याचं जाहीर केलं. आता कुंपण आहे, पण आप्पांना बाहेरून बोट दाखवायला जागा पुरे. एकाच वायूने डोंगर पांढरा केला आणि बैलही मारले, हे त्यांच्याच तोंडून ऐक. मी सांगितलं असं म्हणू नकोस.

तुझ्यासाठी वेगळीच गोष्ट राखून ठेवली होती, आणि खरं म्हणजे ती दुसऱ्या कुणाला सांगून उपयोगही नाही. उत्तरेच्या स्मशानात मार्कस ऑरेलियस अम्मियानोसची शवपेटी आहे. (तो मार्कस ऑरेलियस नावाचा रोमन बादशहा नव्हे, गिरणीवाला.) तिच्यावर कोरलंय पाणचक्कीवर चालणारं दगड कापायचं यंत्र. चाक, दातेरी चक्र, आणि दोन चौकटी करवती, क्रँक आणि कनेक्टिंग रॉडने, म्हणजे चाकाचं गोल फिरणं पुढेमागे ओढीत बदलणाऱ्या दांड्यांनी, ओढलेल्या. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकातलं! क्रँक-रॉडचा हा सर्वांत जुना ज्ञात पुरावा. गोल फिरणं सरळ रेषेत कसं आणायचं यावर तू माझ्याशी वर्कशॉपमध्ये जेवण गार होईपर्यंत भांडला होतास आणि "हे सगळं वाफेच्या इंजिनानंतरचं" असं ठासून सांगितलं होतंस. मी तेव्हा हरलो होतो. आता ती पेटी बघ आणि कळव.

गाईड तिथे थांबणार नाही, हे धरून चाल. तिथे बाराशेच्या वर थडगी आहेत आणि तो दोन-तीनच दाखवतो. एक फ्लाव्हियस झ्यूक्सिसचं हमखास दाखवेल. तो व्यापारी ग्रीसच्या दक्षिणेकडच्या मालेया भूशिराला वळसा घालून 72 वेळा इटलीला गेल्याचं दारावर लिहिलंय. तेव्हा अम्मियानोसचं नाव कागदावर मोठ्या अक्षरात लिहून दे आणि सांग, मी दहा मिनिटांत परत येतो. आणि खरोखर दहा मिनिटांत ये, तुझी सवय मला माहीत आहे.

नाट्यगृह सुंदर, पायऱ्या उभ्या, आप्पांनी वर जायचं नाही, खालून रंगमंच दिसतो. संग्रहालय जुन्या रोमन स्नानगृहातच आहे, जाड भिंती, सावली. उन्हात आप्पांना तिथे बसव. पांढऱ्या दगडावरून उजेड इतका परततो की काळा चष्मा विसरलास तर संध्याकाळपर्यंत डोळे चुरचुरतील.

पहिल्या दिवसाचं एफेसस, तेही प्राचीन शहरच, थोडक्यात. वरच्या दरवाजातून खालच्याकडे जायचं, उतार मिळतो, आणि गाडी खाली उभी आहे ना ते आधीच विचार. संगमरवर लाखो पावलांनी गुळगुळीत झालंय, काठीचं रबर झिजलेलं असेल तर नवं बसव, चाळीस रुपयांचं काम. टेकडीवरच्या घरांचं तिकीट वेगळं आणि जिने पुष्कळ, तू एकटा जा.

शेवटच्या दिवशी दगडी वस्तूंच्या दुकानात पाऊण तास दाखवलाय. त्याऐवजी लाओडिकिया हे प्राचीन शहर मागून बघ, वाटेतच आहे. दगडी ठोकळ्यांना आरपार भोकं पाडून केलेली जलवाहिनी, आणि आत चुन्याचे थर चढून भोक अर्धं बुजलेलं. इसवी सन 114 चा पाण्याचा कायदाही तिथे कोरीव सापडलाय, पाणी चोरणाऱ्याला हजारो दिनारांचा दंड. तुझ्या सोसायटीच्या सभेत वाचून दाखव.

मीनलचं छान झालं, मुलगा फोटोत बरा दिसतो, बाकी भेटल्यावर. लेथ विकलास ते मला आवडलं नाही, पण जागा मोकळी झाली असेल. वहिनींना नमस्कार.

आता एकच कर. कंपनीला फोन लावून विचार, गाडी कुठल्या दरवाजाला उतरवणार आणि कुठून उचलणार. "तिथे गेल्यावर बघू" असं म्हणाले तर मला लगेच कळव, मी इथून त्यांच्याशी बोलतो. आणि टाचेचा आजचा फोटो पाठव, आप्पांना न सांगता.

तुझा,
सुधीर

ता. क. आप्पांना नवे बूट सहलीसाठी घेऊ नकोस. घेतलेच असशील तर आजपासून घरात रोज तासभर घालायला लाव आणि रात्री पाय बघ.