सुदानच्या मूळ चित्रफिती पुण्यात जपाव्यात

मा. केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्री यांस,
सविनय नमस्कार.

१५ एप्रिल २०२३ पासून सुदानमध्ये लष्कर आणि आरएसएफ (रॅपिड सपोर्ट फोर्सेस हे निमलष्करी दल) यांच्यात युद्ध चालू आहे. राजधानी खार्टुमला लागून असलेल्या ओमदुर्मान शहरातले राष्ट्रीय रेडिओ-टीव्ही केंद्र मार्च २०२४ पर्यंत आरएसएफच्या ताब्यात होते. त्यामुळे या युद्धाचे चित्रण मुख्यतः सामान्य माणसांच्या फोनमध्ये आहे. वस्त्यांमधली मदत-केंद्रे आणि त्यांची सामुदायिक स्वयंपाकघरे, म्हणजे ‘तकाया’, चालवणारे स्वयंसेवकही देणगीचा हिशेब दाखवण्यासाठी चित्रण करतात.

या चित्रणाचा घात बहुतेकदा पाठवताना होतो. व्हॉट्सॲपवर ‘व्हिडिओ’ म्हणून पाठवले की फाइल आक्रसते आणि तिच्यातली ठिकाण-वेळेची नोंद पुसली जाते. तीच ‘डॉक्युमेंट’ म्हणून, २ जीबीपर्यंत, जशीच्या तशी येते. हाती येताच एसएचए-२५६ हॅश, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून संगणकाने काढलेला तिचा ‘अंगठ्याचा ठसा’, काढून नोंदवहीत उतरवावा. फाइलचे नाव बदलले तरी हॅश तोच राहतो, एक सेकंद छाटला तरी बदलतो. फोनचे घड्याळ बरोबर होते का, हे त्याच दिवशी विचारून घ्यावे. पुढे फोनच लुटला गेलेला असतो. यूट्यूबवर विसंबता येत नाही. २०१७ मध्ये तिथल्या स्वयंचलित यंत्रणेने सीरियातल्या युद्धाचे असंख्य व्हिडिओ काढून टाकले.

सर्वांत अवघड प्रश्न चेहऱ्यांचा. स्वयंसेवकांना दोन्ही बाजूंनी अटका केल्या आहेत. ठिकाण-वेळेच्या ज्या नोंदीवरून पुरावा सिद्ध होतो, तिच्यावरूनच स्वयंपाकघराचा पत्ता लागतो. म्हणून चेहरे झाकायचे ते प्रतीत. मूळ फाइलला हात लावायचा नाही, ती कुलूपबंद ठेवायची. नावांची वही वेगळी, वेगळ्या माणसाकडे.

हे काम पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने हाती घ्यावे. पुण्यात सुदानी विद्यार्थी शिकतात. बोली ओळखायला, गल्ली-मशीद पटवायला त्यांची मदत मिळू शकते, अर्थात मानधन देऊन. १८ टीबीच्या एलटीओ-९ टेपवर (संगणकातली माहिती साठवण्याच्या चुंबकीय टेपची नववी पिढी) दोन प्रती काढाव्यात, त्यातली एक पुण्याबाहेर ठेवावी. या पिढीचा ड्राइव्ह मागची एकच पिढी वाचतो, तेव्हा नव्या टेपवर उतरवण्याची तरतूद आजच अंदाजपत्रकात हवी. ती नसेल तर टेप शाबूत राहतील आणि वाचायला यंत्र उरणार नाही.

आणि एक लेखी हमी द्यावी: चित्रण देणाऱ्याचे नाव त्याच्या संमतीशिवाय कोणत्याही दूतावासाला दिले जाणार नाही, आणि त्याच्या व्हिसाच्या फाइलशी त्याचा संबंध जोडला जाणार नाही. ही हमी मिळेपर्यंत एकही फाइल स्वीकारू नये.

आपले,
पुण्यातील काही माहितीपटकार व संग्रहकर्मी