स्वस्त पाणी नेमके कोणाला?

महोदय,

पाणीपट्टी वाढवायचा विषय निघाला की ‘गरिबांवर बोजा’ ही ओरड ठरलेली. पण ज्या वस्तीत नळच नाही, तिथले लोक टँकरवाल्याला किती मोजतात, हे कोणी विचारत नाही.

कंबोडियाच्या नॉम पेन्ह शहरात १९९३ साली दिवसाला जेमतेम १० तास पाणी येई आणि सुमारे ७२ टक्के पाणी गळती व चोरीत जाई. तिथल्या पाणीपुरवठा प्राधिकरणाच्या नव्या प्रमुखांनी सरसकट मीटर बसवले. बिल थकवणारी बडी धेंडेही सोडली नाहीत. एका सेनाधिकाऱ्याकडे मीटर लावायला गेले, तर त्याने थेट पिस्तूल रोखले! (आपल्याकडे नगरसेवकाचा फोन पुरतो.) गरिबांना मात्र जोडणीच्या खर्चात सवलत आणि हप्ते मिळाले. पुढे पाणी २४ तास येऊ लागले, गळती ६ टक्क्यांच्या आसपास आली. या प्रमुखांना २००६ चा मॅगसेसे पुरस्कार मिळाला.

कराडजवळच्या मलकापूरनेही मीटर लावून २४ तास पाणी देऊन दाखवले आहे. दरवाढ जरूर करा, पण आधी शहराच्या गळतीचा आकडा प्रत्येक बिलावर छापा.

– एक वाचक, सोलापूर