दशमीचं चांदणं

देवाचे गोठणे, रविवार दुपार

चि. मनू हिस,
अनेक आशीर्वाद.

परवा तुझं बोलणं अर्ध्यावर तोडून मी फोन ठेवला. तुझ्यावर रागावलो नव्हतो. ‘चकवाबिकवा काही नसतं, बाबा, तपासून घ्या,’ असं तू म्हणालीस तेव्हा आई ओटीवर उभी होती, मला पुढे बोलता येईना. म्हणून लिहितोय. माझी तब्येत ठणठणीत आहे. काल विहिरीवरून चार कळशा मीच आणल्या.

चकवा म्हणजे काय ते आजीने तुला सांगितलेलंच आहे. तिन्हीसांजेला सड्यावर माणसाला धरतो, त्याच त्याच गडग्यापाशी फिरवून आणतो, कोंबडा आरवला की सोडतो. धरलेल्याला वेळेचं भान राहत नाही. अशा वेळी खाली बसावं, सदरा उलटा करून घालावा, जागेवाल्याचं नाव घ्यावं. टपालाची पिशवी खांद्याला लावून ३४ वर्षं मी तो सडा तुडवला, सदरा उलटा करायची पाळी कधी आली नाही. त्या दिवशी केला. दोनदा केला.

तू त्या जर्मन संशोधकांचं सांगितलंस. २००९ सालचं ना? माणसं जंगलात आणि वाळवंटात चालायला सोडली, सूर्य ढगाआड गेला की ती गोल गोल फिरायची, आणि आपण सरळच चाललोय असं त्यांना वाटायचं. मग बाय, यालाच आपण चकवा म्हणतो. आपल्या सड्यावर तर कातळात कोरलेल्या माणसापाशी होकायंत्राचंसुद्धा काही चालत नाही. नववीत असताना तू शाळेतलं मागून आणलं होतंस. त्या माणसावर ठेवलंस की काटा भलतीकडे, बाजूला नेलंस की पुन्हा ठिकाणावर. किती वेळ तेच करत उन्हात बसलीस. गुडघ्यांना जांभ्याचे खडे रुतले होते. मी म्हटलं, चल, आठ पत्रं राहिलीत, तर मान वर न करता म्हणालीस, ‘बाबा, उत्तर कुठे ते ह्याला आठवत नाही का?’

आज तीच पोर पुण्याच्या इस्पितळात माणसाच्या डोक्याच्या आतले फोटो काढते. तुझं ते मशीनही चुंबकावरच चालतं, हे मी वाडीत किती जणांना सांगितलं असेल!

रात्रपाळीवरून एकटी स्कूटरने येऊ नकोस. डबा न खाता परत आणत जाऊ नकोस. आणि चार पुस्तकं शिकलं म्हणून वाडवडिलांनी सांगितलेलं सगळं खोटं ठरत नाही, सड्यावर रात्र काढलेली माणसं वेडी नव्हती. असो. हे लिहायचं नव्हतं. माफ कर. भीती वाटली की मी शिकवायला लागतो, तुला माहीत आहे.

एक गोष्ट तुला फोनवर सांगितली नाही. त्या रात्री चांदणं होतं. दशमीचं, लख्ख. गडग्याचा दगड न् दगड दिसत होता. चंद्र दिसत होता तोवर वाळवंटातला माणूस सरळ चालला, असं तूच म्हणाली होतीस.

आणि मी वाट चुकलोच नव्हतो, मनू. मी बायोकडे चाललो होतो, मनिऑर्डर द्यायला. पैसे आहेत ना म्हणून मधूनमधून खिसा चाचपत होतो. घर सापडेना म्हणून गडग्याला वळसे घालत राहिलो. शेवटी तिच्या जोत्यावर बसलो. जोत्यातून आईनाचं झाड वर आलंय, त्याला पाठ टेकली, तरी वाटलं, गुरं आणायला गेली असेल, येईल इतक्यात. बायोला जाऊन पंचवीस वर्षं झाली. तिला पोचवायला मीही गेलो होतो. घरून पाचला निघालो होतो. माझ्या हिशोबाने अर्धा तास झाला असेल. घड्याळात पावणेअकरा. शंकर बॅटरी घेऊन आला, त्याने हाक मारली, आणि मी त्याला त्याच्या बापाच्या नावाने ओ दिली. हे त्याने आईला सांगितलेलं नाही.

आजीचं गाठोडं आठवतं तुला? सहावीत होतीस. दिवसभर ओटीवर बसून सोडायची, बांधायची. म्हातारीला चकवा लागला असंच आम्ही तेव्हा म्हटलं, गुरवाकडून गाऱ्हाणंही घातलं. सत्तरीला सुरुवात झाली होती तिची. मी येत्या शिमग्याला अडुसष्ट पुरा करतोय.

चकवाच असेल. रोज सकाळी तोंड धुताना मी तसंच म्हणतो. तरी तुझं ऐकतो. पुढच्या आठवड्यात आईला घेऊन एसटीने येतो. गुडघा दाखवायला चाललोय असं तिला सांगितलंय, तूही तेच सांग. कुळथाचं पीठ आणि आमसुलं आणतोय.

एकच मागणं. ते फोटो तुझ्या हाताने काढू नकोस. दुसऱ्या कुणाची पाळी असेल तेव्हा मला आत पाठव. तू बाहेर आईजवळ बस.

तुझे
बाबा

ता.क. पाकिटावरचा पत्ता पिनकोडसकट वहीत न बघता लिहिलाय. पोचलं की लगेच फोन कर.