मीठ आधी, तेल शेवटी

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पुरवणीत नुकतीच चिनी धर्तीच्या, मुरवलेल्या हिवाळी भाज्यांच्या स्लॉची, म्हणजे बारीक चिरलेल्या कच्च्या भाज्यांच्या थंड कोशिंबिरीची, कृती छापून आली. साहित्याची यादी चोख होती. कृतीत मात्र भाज्या चिरून थेट सोया सॉस, व्हिनेगर, साखर आणि तेलात कालवून ठेवायला सांगितले होते. मी ती तंतोतंत पाळून पाहिली. दोन तासांनी भांड्याच्या तळाशी वाटीभर पाणी साचले होते, कोबी राठ तो राठच होता आणि सारी चव त्या पाण्यात उतरली होती. साहित्यात काहीच उणे नव्हते, गडबड क्रमात होती, म्हणून हे पत्र.

चीनमध्ये अशा थंड कालवलेल्या पदार्थांना ‘लियांगबान’ म्हणतात; ‘लियांग’ म्हणजे थंड आणि ‘बान’ म्हणजे कालवणे. कोबी आणि मुळा यांच्या वजनात नव्वद टक्क्यांहून अधिक पाणीच असते, आणि मसाल्यातील मीठ ते पाणी आज ना उद्या बाहेर खेचणारच. म्हणून अशा पाणीदार भाज्यांना आधी नुसते मीठ चोळून ते पाणी काढून टाकायचे. पेशींतले पाणी गेले की भाजी लवचीक होते, तरी दाताखाली कुरकुरते, आणि नंतर घातलेला आंबटगोड रस ती शोषून घेते. अर्धा किलो बारीक चिरलेल्या भाजीला साधारण १० ग्रॅम मीठ आणि अर्धा तास पुरतो. मग भाजी मुठीत धरून घट्ट पिळावी. इथे हात आखडता घेतला तर पुढची सगळी मेहनत वाया जाते. पिळल्यावर चिमूटभर चाखून पाहावी आणि फार खारट लागली तर गार पाण्यातून एकदा काढून पुन्हा पिळावी.

भाज्यांची निवड छापील कृतीत उत्तम होती. मी तीत फक्त लांबट चायनीज कोबीची भर घालीन. हरितगृहांतल्या भाज्या सहज मिळू लागण्यापूर्वी उत्तर चीनमधील हिवाळा मुख्यतः याच कोबीवर निघत असे. बीजिंगमधील कुटुंबे थंडीच्या तोंडाशी त्याचे गड्डे मोठ्या संख्येने विकत घेऊन जिन्यांत आणि सज्जांत रचून ठेवीत. तिकडचा ‘शिनलीमेई’ मुळाही स्लॉला शोभतो. वरून फिकट हिरवा आणि आतून गडद गुलाबी असलेल्या या मुळ्याच्या नावाचा अर्थच ‘अंतरी सुंदर’ असा आहे, आणि व्हिनेगर पडताच त्याचा गुलाबी रंग अधिक खुलतो. गाजर मात्र किसू नये, काडीसारखे चिरावे, कारण किसलेले गाजर पिळताना लगदा होते.

पिळलेल्या भाजीवर तीन मोठे चमचे तांदळाचे व्हिनेगर, दीड चमचा साखर, एक चमचा सोया सॉस आणि ठेचलेली लसूण घालावी. जिआंगसू प्रांतातील चेनजिआंग येथे चिकट तांदळापासून बनणारे काळे व्हिनेगर मिळाले तर थोडे तेही घालावे, मात्र त्याने रंग काळवंडतो. हे सारे शीतकपाटात निदान दोन तास मुरू द्यावे. भाजलेल्या तिळांचे तेल त्यानंतर, अगदी वाढताना घालायचे. आधी घातले तर भाजीवर तेलाचा थर बसतो आणि आंबट रस आत शिरायला वेळ लागतो. सिचुआन मिरे हवे असतील तर ते कोरडे भाजून, भरड कुटून शेवटी भुरभुरावेत. नावात मिरे असले तरी ते लिंबाच्या कुळातले आहेत, आणि जिभेला येणाऱ्या मुंग्या ही त्यांचीच करामत.

आणखी एक दुरुस्ती अधिक महत्त्वाची आहे. त्या लेखात या स्लॉला ‘आंबवलेला’ म्हटले होते आणि तो दोन दिवस बाहेर ठेवण्याची सूचना होती. आंबवलेल्या भाज्यांचा सिचुआनी प्रकार, म्हणजे ‘पाओत्साय’, हा सर्वस्वी निराळा पदार्थ आहे. त्यात भाज्या मिठाच्या पाण्यात बुडवून, झाकणाभोवती पाण्याची कड असलेल्या बरणीत ठेवतात, आणि आंबटपणा व्हिनेगरमुळे नव्हे, तर तिथे वाढणाऱ्या लॅक्टिक आम्ल तयार करणाऱ्या जिवाणूंमुळे येतो. स्लॉमध्ये ना ते पाणी असते ना ती बरणी, त्यामुळे तो बाहेर ठेवून आंबत नाही, बिघडतो. शीतकपाटात तो तीन दिवस चांगला राहतो. माझ्या मते दुसऱ्या दिवशी तो सर्वांत चविष्ट लागतो.

या दोन्ही दुरुस्त्या पुरवणीच्या पुढील अंकात छापाव्यात, ही विनंती.

आपली,
एक नियमित वाचक