कलम जागेवर, मंडळ बेपत्ता

मा. संपादक,
स.न.वि.वि.

निवडणूक आली की ‘घटना बदलणार’, ‘बदलू देणार नाही’ अशी रणधुमाळी सुरू होते. १९५१ पासून घटनेत शंभरावर दुरुस्त्या झाल्या, हे दोन्हीकडचे वक्ते सोयीनं विसरतात. मराठवाड्यातल्या माणसाला तर एकट्या कलम ३७१ चा प्रवास पुरेसा आहे.

१९५० मध्ये या कलमात हैदराबादसारख्या ‘ब’ वर्ग राज्यांवर (म्हणजे पूर्वीच्या संस्थानांच्या राज्यांवर) दहा वर्षं केंद्राची देखरेख ठेवण्याची तरतूद होती. म्हणजे आपण तेव्हाही त्यात होतोच! १९५६ ला भाषावार प्रांतरचना झाली, सातव्या दुरुस्तीनं जुना मजकूर गेला आणि त्याच आकड्याखाली विकास मंडळांची तरतूद आली. १९६० ला ती महाराष्ट्रापुरती नीट बसवली गेली: विदर्भ, मराठवाडा, उर्वरित महाराष्ट्र. निधीचं न्याय्य वाटप, तंत्रशिक्षण, सरकारी नोकऱ्या, सगळं त्यात आहे. पण मंडळ प्रत्यक्षात यायला १९९४ उजाडलं. राष्ट्रपतींना तसा आदेश काढण्याचा अधिकार आहे, सक्ती नाही. मग घाई कोणाला असणार?

३० एप्रिल २०२० ला मंडळांची मुदत संपली आणि ती वाढवली गेली नाही. संसदेत दुरुस्ती नाही, मतदान नाही, कलमाचा कानामात्राही हलला नाही. तरी आमच्यापुरती घटना बदललीच की.

आता शेजारी बघा. माझ्या बहिणीचं सासर कमलनगरचं, बीदर जिल्ह्यातलं. उदगीरहून तासाभराची वाट, घरात बोलणं मराठीच. तोही मुलूख निजामाच्याच राज्यातला. तिथं २०१२ मध्ये ९८ वी दुरुस्ती होऊन ‘३७१ जे’ आलं आणि स्थानिकांना शिक्षणात, नोकऱ्यांत जागा राखून ठेवता आल्या. भाचा प्रवेश अर्जाला त्याचं प्रमाणपत्र जोडतो. माझ्या मुलाकडे जोडायला असं काही नाही. भाच्याचा हेवा वाटत नाही. त्यांच्या पुढाऱ्यांनी पाठपुरावा केला, आपल्यांनी सत्कार घेतले.

२०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळानं मंडळं पुन्हा स्थापन करण्याचा निर्णय घेतला होता. त्याचं पुढं काय झालं, हे मराठवाड्यातल्या आमदारांनी येत्या अधिवेशनात विचारावं आणि उत्तर लेखी घ्यावं.

आपला,
एक वाचक, उदगीर (जि. लातूर)