आईच्या हातावरचं समुद्रमंथन

प्रिय भाऊ,

तुम्ही आईला अंकोर वाटचं देऊळ दाखवलंत, त्यानंतर कंबोडियाहून घरी पोचल्यावर तुम्हाला इंग्रजीत चार ओळी पाठवल्या होत्या. त्या पाठवून झाल्या आणि लक्षात आलं, सांगायचं होतं त्यातलं काहीच सांगितलं नाही. इंग्रजीत माझं रडू येत नाही आणि रागही येत नाही. म्हणून हे मराठीत लिहिते आहे. तुम्हाला वाचता येणार नाही, पण तुमच्या गावी, सिएम रीपला, आमच्याकडची माणसं येत असतात, कोणीतरी समजावून सांगेल. लिहून झालं की आईला वाचून दाखवणार आहे. तुमचं नाव घालत नाही, कारण तुम्हाला विचारलेलं नाही.

आईबद्दल तुम्हाला त्या दिवशी थोडंच सांगता आलं. ती वाईची. कृष्णाकाठी दरवर्षी कृष्णाबाईचा उत्सव असतो, त्यात कीर्तनं होतात. मी शाळेत होते तेव्हा एका कीर्तनकारबुवांनी समुद्रमंथनाचं आख्यान लावलं होतं आणि ओघात म्हणाले होते, समुद्रापलीकडच्या देशात एका देवळाच्या भिंतीवर हे अख्खं मंथन दगडात कोरलेलं आहे. आईने ते वाक्य धरून ठेवलं. चाळीस वर्षं. कधी सासऱ्यांचं आजारपण, कधी आमची शिक्षणं, कधी पैसे नाहीत. आणि सगळं मोकळं झालं तोवर काचबिंदूने तिची नजर नेली होती. आता ती 74 वर्षांची आहे, तिला उजेड आणि अंधार एवढंच कळतं. तरी ती म्हणाली, "भिंतीसमोर उभी तर राहीन."

तुम्ही भेटलात त्याच्या आदल्या दिवशी आम्ही एका सहल कंपनीच्या ग्रुपबरोबर बायोनच्या देवळात गेलो होतो. पैसे माणशी सारखेच घेतले होते, आईचेही पूर्ण. दिसत नाही हे बुकिंगच्या वेळीच सांगितलं होतं. बसमधून उतरताना टूर मॅनेजर माझ्याकडे बघून म्हणाले, "आजींना इथेच बसवा ना. त्यांना काय दिसणार आहे? उगाच सगळ्यांचा खोळंबा." आई माझ्या शेजारीच उभी होती. दिसत नाही म्हणजे ऐकूही येत नाही, असं कसं काय वाटतं लोकांना? मग त्यांनी झाडाखाली सावली बघून प्लास्टिकची खुर्ची आणवली, हातात शहाळं दिलं, आणि आपण फार काळजी घेतली अशा चेहऱ्याने निघून गेले. ग्रुपमधलं कोणी काही बोललं नाही. दोन तास आम्ही तिथे बसलो. आत त्या मनोऱ्यांवर चहूबाजूंनी ते शांत दगडी चेहरे होते, आणि बाहेर माझी आई मला म्हणत होती, "तू जाऊन ये गं, माझ्यामुळे तुझं राहायला नको." त्या वाक्याची बोच अजून गेलेली नाही. मी तेव्हा भांडायला हवं होतं, भांडले नाही.

त्या रात्री हॉटेलच्या काउंटरवरच्या मुलीला मी सांगितलं की उद्या आम्हाला ग्रुप नको, एक माणूस हवा. सकाळी तुम्ही आलात, वाटाड्या म्हणून, आणि आपण अंकोर वाटला गेलो.

पहिली गोष्ट तुम्ही केलीत ती कदाचित तुमच्या लक्षातही नसेल. सगळे आईला धरतात. दंडाला धरतात, मनगटाला धरतात, गर्दीत तर मागून ढकलतात. तुम्ही हात जोडून नमस्कार केलात, मग तिच्याशेजारी उभे राहून तुमचा कोपर पुढे केलात आणि तिला धरू दिलंत. पायरी आली की आधी सांगायचं: किती आहेत, उंच आहेत की बुटक्या, कडा झिजलेली आहे का. आणि जे सांगायचं ते तिला. इंग्रजी तिला येत नाही, मी दुभाषी होते, पण तुमचं तोंड तिच्याकडे असायचं. आवाज कुठून येतो हे आईला बरोबर कळतं.

तरीही पहिल्या भिंतीपाशी तुम्ही अडखळलात. पश्चिमेच्या ओवरीत कुरुक्षेत्राचं युद्ध आहे. डावीकडून कौरव, उजवीकडून पांडव, मध्ये नुसती झुंबड. तुम्ही रोज सांगता तसं सांगायला लागलात, "हे बघा, इथे," आणि थांबलात. मग राजा सूर्यवर्मन दुसरा, बारावं शतक, हे विष्णूचं देऊळ म्हणून बांधलं, कुलेनच्या डोंगरातून दगड पाण्यावरून आणला, असं सांगत राहिलात. आई मान डोलवत होती. ती कंटाळली होती, पण तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून डोलवत होती.

कोपऱ्यावर वळून आपण दक्षिणेच्या ओवरीत आलो. तिथे राजाची मिरवणूक, पुढे 37 स्वर्ग आणि 32 नरक. आणि आई मध्येच थांबली. "देऊळ माझ्या डाव्या हाताला का?" मला प्रश्नच कळला नाही. ती म्हणाली, "वारा उजवीकडून येतोय, म्हणजे खांब उजवीकडे. भिंत डावीकडे. मघाशीही तसंच होतं. प्रदक्षिणा उलटी चाललीय आपली."

मी भाषांतर केलं तेव्हाचा तुमचा चेहरा मला आठवतो. तुम्ही मोठ्याने हसलात आणि तिला म्हणालात की ही चित्रं याच क्रमाने वाचायची आहेत, देऊळ डाव्या हाताला ठेवून, आणि त्याचं तोंडही पश्चिमेला आहे. म्हणूनच हे राजाच्या मृत्यूशी जोडलेलं देऊळ असावं असं पुष्कळ अभ्यासक मानतात. आई म्हणाली, "बरोबर. उलटं फिरायचं ते त्याच वेळी." त्या क्षणापासून तुम्ही दोघं एकमेकांशी बोलायला लागलात आणि मी मध्ये फक्त तोंड हलवत होते.

मग पूर्वेची ओवरी. ती भिंत.

तिथे तुम्ही गप्प झालात. दोर लावलेला होता, दगडाला हात लावायचा नाही असा नियम आहे. तो योग्यच आहे, जिथे लोकांनी हात फिरवले तिथे दगड काळा आणि गुळगुळीत झालेला मलाही दिसत होता. कोणी बघत नाही असं बघून एखाद्याने तिचा हात पटकन भिंतीला लावून दिला असता. तुम्ही तसं केलं नाहीत. खिशातून पेन काढलंत, टोपण लावलेलंच ठेवलंत, आणि विचारलंत, "तुमच्या आईचा हात घेऊ का?" लगेच स्वतःला थांबवलंत, आईकडे वळलात आणि तोच प्रश्न तिला विचारलात. तिला शब्द कळले नाहीत, प्रश्न कळला. तिने उजवा हात पुढे केला.

तुम्ही तिची पाची बोटं फाकवलीत. या फडा. तुमच्या तोंडून त्या वेळी तुमच्या भाषेतलं नाव निघालं, त्यात 'समुत' ऐकू आलं आणि मी काही सांगायच्या आत आई म्हणाली, "समुद्र म्हणतोय ना तो?" मग टोपणाने तळहातावर टिंबं काढत गेलात, एकापुढे एक, दाटीने. हे असुर, 92 आहेत, नागाला तोंडाकडून धरलंय. मनगटापाशी आलात. हा मंदर पर्वत, इथे मध्ये विष्णू, चार हात, खाली कासव. मनगट दोन बोटांत धरून तुम्ही हलकेच इकडून तिकडे फिरवलंत, पुन्हा तिकडून इकडे, आणि तिच्या बांगड्या वाजल्या. मग मनगटापासून वर टिंबं, हे 'तेवदा', देव, 88. आणि कोपराशी एक जोराचं टिंब: इथे शेपटी धरून हनुमान.

"मारुती?" आई म्हणाली. "मारुती कसा असेल? तो तर पुढच्या युगातला." तुम्ही म्हणालात, इतकं जड काम आहे, आमच्या लोकांना वाटलं असेल त्याला बोलवायला हवं. आईला हे इतकं पटलं की ती तिथून आजवर प्रत्येकाला सांगते आहे.

त्यानंतर तुम्ही तिला भिंतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालवलंत, सावकाश. 49 मीटर आहे ती भिंत. आई डाव्या हाताने तुमचा कोपर धरून चालत होती आणि उजवा हात तसाच पुढे धरलेला, जणू काढलेलं पुसलं जाईल. मध्ये तुम्ही थांबलात तेव्हा ती स्वतःच म्हणाली, "पर्वत आला." मी तिच्या मागे होते. मला समोरचं नीट दिसत नव्हतं.

मला वाटलं झालं. यासाठीच आलो होतो. पण तुम्ही खांबाला टेकून उभे राहिलात आणि म्हणालात, हे मला उशिरा सुचलं, पहिल्या भिंतीपाशीच सुचायला हवं होतं. मग तिला विचारलंत, पुढचं देऊळ की मागची भिंत? बायोनला तिला आत न्यायचं ठरवून आपण निघालो होतो, वेळ कमी होता, ऊन चढलं होतं. आई म्हणाली, "मागची भिंत." आणि तुम्ही त्या उन्हात अर्ध्या देवळाला वळसा घालून आम्हाला पुन्हा पश्चिमेच्या ओवरीत आणलंत आणि कुरुक्षेत्र पहिल्यापासून सांगितलंत. तिच्या हातावर.

किती जण असं करतात? चूक झाली हे कोणी दाखवलंही नव्हतं. दिवसाचे पैसे ठरलेले होते. आम्ही तर हात जोडून आभारच मानत होतो. आदल्या दिवशीचे टूर मॅनेजर त्यांच्या दृष्टीने व्यवस्थित वागले होते, खुर्ची, सावली, शहाळं, सगळं दिलं. आईला काय हवंय हे मात्र त्यांनी आईला विचारलं नाही. भाऊ, आमच्याकडे देवळात, बँकेत, दवाखान्यात, सगळीकडे हेच होतं. "यांना काय होतंय?" असं मला विचारतात.

तुम्ही जाताजाता ज्या राजाबद्दल सांगितलंत, सातवा जयवर्मन, ज्याने 102 आरोग्यशाळा चालवल्या, त्याच्या शिलालेखात म्हटलंय की प्रजेच्या शरीराचं दुखणं त्याच्या मनाला जास्त दुखायचं. आईने ते मला दोनदा सांगायला लावलं. दुपारी ता प्रोमच्या देवळात गेलो, 1186 मध्ये त्याच राजाने स्वतःच्या आईसाठी बांधलेलं. तिथे आपल्या भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या लोकांनी काम केलंय हे तुम्ही तिला आवर्जून सांगितलंत. मुळांनी भिंती कशा कवटाळल्यात हे सांगायला तुम्ही तिच्या मुठीभोवती तिच्याच दुसऱ्या हाताची बोटं गुंडाळलीत. पोपटांचा कलकलाट होता. पण ता प्रोमचं फार लिहीत नाही, आई तेव्हा दमली होती.

त्याआधीचं एक राहिलं. अंकोर वाटमधलं ते छोटं दालन, जिथे भिंतीला पाठ लावून छातीवर मूठ मारली की सगळा दगड घुमतो. तुम्ही तिला तिथे उभं केलंत. तिने एकदा हळूच मारली. मग जोरात. मग तिसऱ्यांदा. बाहेर माणसं खोळंबली होती, आणि तुम्ही दारात उभे राहून त्यांना शांतपणे थांबवलंत. आदल्या दिवशी "खोळंबा" हा शब्द ऐकला होता तिने.

निघताना तुम्ही तिला तुमच्या भाषेत आभार मानायला, 'ऑकुन' म्हणायला शिकवलंत. त्यातला 'कुन' म्हणजे आपला 'गुण' हे कळल्यावर ती शेजारणीलासुद्धा ऑकुनच म्हणते.

आता तिचा निरोप. कुरुक्षेत्राच्या भिंतीपाशी तुम्ही शरशय्येवरचे भीष्म तिच्या तळहातावर काढलेत तेव्हा तिने विचारलं होतं, "उशी?" तुम्ही म्हणालात, "कसली उशी?" तेवढ्यात मोठा घोळका आला आणि ते सांगायचं राहून गेलं. ती म्हणते, त्याने विचारलंय, उत्तर द्यायला हवं. ती सांगते तसं लिहिते:

"सांग त्याला, सगळं अंग बाणांवर होतं, पण डोकं खाली लोंबत होतं. भीष्म म्हणाले, उशी द्या. सगळे राजे धावले, मऊ मऊ, रेशमी उशा घेऊन आले. भीष्मांनी त्या घेतल्या नाहीत. म्हणाले, अर्जुनाला बोलवा. अर्जुन आला, डोळ्यांत पाणी. त्याने विचारलं, आजोबा, काय करू? मग त्याने धनुष्य उचललं आणि जमिनीत तीन बाण मारले, बरोबर डोक्याखाली. त्यावर त्यांनी डोकं टेकलं."