चिरेखाणीच्या अडकलेल्या फाईलबद्दल

ती. आई-बाबांस,
सा. न.

'साहेब मीटिंगला गेलेत, पुढच्या सोमवारी या' हे वाक्य मी इथे अशिलांच्या तोंडून रोज ऐकते. आता आपल्या चिरेखाणीच्या परवान्याच्या अर्जाबद्दल ते बाबांच्या तोंडून ऐकलं. फोनवर सांगितलं की अर्धं राहतं, म्हणून लिहितेय.

आधी महत्त्वाचं. परवाना हातात येईपर्यंत खाणीवर मशीन लावू नका. खाणीतले भागीदार म्हणतात, 'अर्ज केलाय, चलन भरलंय, कोणी नाही म्हटलेलं नाही.' पण सरकार गप्प बसलं म्हणजे परवानगी मिळाली, असं खाणीच्या बाबतीत होत नाही. जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) खाली काढलेल्या दगडाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो, मशीन आणि ट्रक जप्त होतात ते वेगळंच. गावात इतर काढतात ते काढू देत.

म्हणून स्वस्थ बसायचं असंही नाही. फाईल पडून राहिली की नुकसान आपलंच. 1981 साली तामिळनाडूच्या हिंद स्टोन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अर्ज वाजवी वेळेत निकाली काढायला हवा. पण अर्ज केला म्हणून खाणपट्ट्याचा, म्हणजे खाण चालवायच्या लीजचा, हक्क तयार होत नाही, आणि निर्णयाच्या दिवशी जे नियम असतील तेच लागू होतात. मध्येच नियम बदलला तर बदललेला नियम आपल्या माथी. 2012 च्या फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयाचा दीपक कुमार प्रकरणातला आदेश आला आणि पाच हेक्टरखालच्या खाणींनाही पर्यावरण मंजुरी लागू लागली, ते आठवतंय ना?

बाबा, तुम्ही कचेरीत जाऊन तोंडी विचारता, ते तोंडीच विरतं. आता सगळं लेखी. एक स्मरणपत्र द्या, त्यात 2005 च्या दप्तर दिरंगाई कायद्याच्या (सरकारी कामातला उशीर रोखणारा कायदा) कलम 10 चा उल्लेख करा. एका कर्मचाऱ्याकडे फाईल सहसा सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहता कामा नये. दुसऱ्या विभागाला विचारायचं नसेल तर 45 दिवसांत, विचारायचं असेल तर तीन महिन्यांत निर्णय, असं त्यात आहे. जाणूनबुजून उशीर केला तर शिस्तभंगाची कारवाई होते. आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्ज टाका. 'का उशीर' असं विचारू नका, त्याला गोलमोल उत्तर येतं. फाईल कोणाकडे कोणत्या तारखेला आली, कधी पुढे गेली, आणि टिपणीची प्रत, एवढंच मागा. उत्तराला 30 दिवस. पुष्कळदा हा अर्ज पोचला की फाईल आपोआप हलते. (एजंटने मागितलेली रक्कम ऐकून मला हसू आलं. या अर्जाची फी दहा रुपये आहे.)

एवढं करूनही हललं नाही तर संविधानाच्या कलम 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. आई, तू घाबरलीस म्हणून सांगते, हे कलेक्टरांशी भांडण नव्हे. कोर्ट सहसा 'परवाना द्या' असं म्हणत नाही, 'अमुक मुदतीत निर्णय घ्या' असं म्हणतं. निर्णय नकाराचाही येऊ शकतो, बाबांनी ते धरून चालावं. पण लेखी नकारावर अपील तरी करता येतं, गप्प बसण्यावर काय करणार? आणि ऑगस्ट 2025 पासून रत्नागिरी जिल्ह्याची प्रकरणं मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहेत. मुंबईच्या फेऱ्या नकोत, अणुस्कुरा घाट चढला की झालं.

आई, लोखंडी कपाटात अर्जाची शिक्क्याची प्रत, चलन, सातबारा आणि ग्रामसभेचा ठराव असेल. सगळ्याचे फोटो पाठव, शिक्क्यावरची तारीख नीट दिसू दे. स्मरणपत्राचा मसुदा मी रविवारपर्यंत करते. बाबांना म्हणावं, त्यात स्वतःच्या हाताने काही वाढवू नका, विशेषतः साहेबांच्या स्वभावाबद्दल.

तुमची,
मंजू